अभयला दिलेत ते डायनीलाही द्या

मा. एकता कपूर यांस,
बालाजी टेलिफिल्म्स, मुंबई



18 ऑक्टोबर 2010 ला स्टार वन वाहिनीवर तुमची ‘प्यार की ये एक कहानी’ सुरू झाली आणि हिंदी टीव्हीवरच्या भुताखेतांच्या दुनियेतला एक जुना नियम मोडला. रक्त पिणारा प्राणी त्याआधी पडद्यावर आला नव्हता असे नाही. रामसे बंधूंनी 1990 च्या ‘बंद दरवाजा’त तो आणला होता. पुढे 1993 पासून त्यांच्याच ‘झी हॉरर शो’ने एका पिढीला डोक्यावरून पांघरूण ओढून झोपायला लावले. पण त्या सगळ्या भुतांना नेमून दिलेले काम एकच होते : घाबरवायचे आणि शेवटी नष्ट व्हायचे. तुमचा अभय रायचंद नष्ट व्हायला आलेला नव्हता. तो डेहराडूनच्या कॉलेजात इतर पोरांसारखा वर्गात येऊन बसला आणि पिया नावाच्या साध्या मुलीच्या प्रेमात पडला.

विवियन डिसेना आणि सुकीर्ती कांडपाल या जोडीवर तेव्हाच्या कॉलेजातल्या मुलींनी जीव टाकला. अभयचे मूळ कुठले, हे त्यांच्यापासून लपलेले नव्हते. स्टेफनी मायर यांची ‘ट्वायलाइट’ कादंबरी 2005 ची, तिच्यावरचा चित्रपट 2008 चा, अमेरिकेतली ‘द व्हॅम्पायर डायरीज’ ही मालिका 2009 ची. अभय हा त्याच घराण्यातला. गोरा, गप्प, श्रीमंत, शतकभराचे दुःख उरात घेऊन फिरणारा. मालिका 15 डिसेंबर 2011 ला संपली आणि तीनच दिवसांनी स्टार वनच्या जागी लाइफ ओके ही वाहिनी आली. मालिका गेली, वाहिनी गेली, अभय मात्र त्या प्रेक्षकांच्या मनातून गेला नाही.

अभय उसना होता, याबद्दल या पत्रात तक्रार नाही. उसने आणण्यात कमीपणा नसतो. नारायण धारपांनी स्टीफन किंग यांच्या ‘सेलम्स लॉट’वरून ‘लुचाई’ लिहिली आणि अमेरिकेतल्या गावातली ती भीती मराठी मातीत अशी रुजवली, की वाचणाऱ्याला आपल्याच गावची वाट अंधारात नकोशी व्हावी. तक्रार आहे ती वेगळी, आणि अभयला तुम्ही जे दिलेत त्यातूनच ती निघते.

काय दिलेत त्याला? भूतकाळ दिलात. मैथिली नावाची गमावलेली प्रेयसी दिलीत आणि तिच्यापायी आलेली तगमग दिलीत. आपल्या तहानेची त्याला लाज वाटते, हे प्रेक्षकांना दाखवलेत. त्याच्या तोंडी बोलणे घातलेत. सगळ्यात मोठे म्हणजे, सगळ्या जगाने त्याला राक्षस म्हटले तरी त्याच्याकडे माणूस म्हणून पाहणारे एक माणूस त्याला दिलेत. पिया त्याला घाबरते, पळते आणि तरी परत वळून बघते. या वळून बघण्यावर अख्खी मालिका उभी होती. ज्याची भीती वाटते त्याच्या बाजूने गोष्ट पाहायची, हे धाडस हिंदी टीव्हीवर त्याआधी फारसे कुणी केले नव्हते, आणि त्याचे श्रेय तुमचेच आहे.

आता 19 एप्रिल 2013 कडे या. त्या दिवशी तुमच्याच बालाजी मोशन पिक्चर्सचा, विशाल भारद्वाज यांच्यासह काढलेला ‘एक थी डायन’ प्रदर्शित झाला. दिग्दर्शक कन्नन अय्यर, नायक इम्रान हाश्मी, आणि कोंकणा सेन शर्मा, हुमा कुरेशी, कल्की या तीन ताकदीच्या अभिनेत्री. चित्रपटाचा पूर्वार्ध आजही पुन्हा पाहावा असा आहे. मानसोपचारतज्ज्ञ नायकाला संमोहनाखाली त्याच्या लहानपणात नेतो, आणि घरात आलेली बाई खरोखर डायन होती की आई गमावलेल्या पोराने तिला डायन ठरवले, हे प्रेक्षकाला शेवटपर्यंत कळणार नाही असे वाटत राहते. फार मोलाची शंका होती ती. उत्तरार्धात चित्रपटाने ती शंका स्वतःच मिटवली. डायन असते, तिची ताकद तिच्या वेणीत असते आणि वेणी कापली की ती संपते, असा निकाल लागला. डिसेंबर 2018 मध्ये अँड टीव्हीवर टीना दत्ता यांना घेऊन तुमचीच ‘डायन’ मालिका आली. तिच्यातही प्रश्न एवढाच राहिला, की या बायकांतली डायन कोण. डायन आहे का, हा प्रश्न कुणी विचारलाच नाही.

एकाच निर्मितीगृहातून निघालेले हे दोन रस्ते आहेत. रक्त पिणारा पुरुष असेल तर तो प्रेमाचा नायक होतो. बाई असेल तर ती शोधून काढून संपवायची गोष्ट होते.

हा दोष एकट्या बालाजीचा नाही, हेही लगेच सांगितले पाहिजे. जुलै 2018 मध्ये स्टार प्लसवर सुरू झालेली ‘नजर’ गुल खान यांच्या संस्थेची. तिच्यात मोनालिसा यांनी साकारलेली मोहना ही अडीचशे वर्षांची डायन, आणि तिचा मुलगा अंश हा डायनीच्या पोटचा म्हणून ‘दायवंश’. आईचे जे रक्त, तेच मुलाचे. पण आई खलनायिका आणि मुलगा नायक! त्याच्या अंगातल्या काळ्या शक्तीवर प्रेमाने मात करणारी नायिका त्याच्या वाट्याला आली, आणि योगायोग असा की तिचेही नाव पिया. आईला मात्र कुणी पिया भेटली नाही. या मालिकांवर कुणी प्रबंध लिहायला घेतला, तर अंश आणि मोहना या मायलेकरांपासूनच सुरुवात करावी लागेल.

हे पत्र फैजपूरहून लिहिले जात आहे, त्याला कारण आहे. जळगाव जिल्ह्यातल्या यावल तालुक्याचे हे गाव. दक्षिणेला तापी, उत्तरेला सातपुडा, मधे केळीच्या बागा. गच्चीवर उभे राहिले की डोंगराची निळी रेघ समोर दिसते. तीच रेघ पश्चिमेला सरकत नंदुरबारच्या धडगाव, अक्कलकुव्याकडे जाते, आणि त्या डोंगरात डायनीसाठीचा ‘डाकीण’ हा शब्द मालिकेतला नाही. तो गावातल्या एखाद्या जित्या बाईला चिकटतो आणि मग तिचे घर, शेत, माणसे सगळे सुटते. कधी जीवही जातो.

हे कसे होते, ते जवळून पाहण्यासारखे आहे. घरात लेकरू तापाने फणफणते, किंवा आठवड्यात दोन बैल दगावतात, किंवा उभे पीक जळते. दवाखाना लांब असतो, किंवा दवाखान्यात जाऊनही गुण येत नाही. मग घरचे भगताकडे जातात. तो दाणे टाकतो, पाण्यात पाहतो, अंगात आणतो. सुरुवातीला तो नाव घेत नाही. दिशा सांगतो, पिंपळाच्या बाजूचे घर म्हणतो, एकटी राहते म्हणतो. बाकीचे गाव पुरे करते. ती बाई पुष्कळदा विधवा असते. कधी तिच्या नावावर जमीन असते आणि त्या जमिनीवर दिराचा किंवा पुतण्याचा डोळा असतो. कधी ती नुसती फटकळ असते. एकदा नाव पडले, की तिने काही केले तरी तो पुरावाच ठरतो. आजारी लेकराला बघायला गेली तर नजर लावायला आली, गेली नाही तर अपराधी म्हणून तोंड चुकवते. रडली तर ढोंग, नाही रडली तर काळीज दगडाचे. इतिहासकार अजय स्कारिया यांनी 1997 च्या आपल्या निबंधात इंग्रजी अमदानीतल्या डांग-खान्देश पट्ट्यातल्या अशाच बायकांचा माग काढला आहे. म्हणजे गोष्ट कालपरवाची नाही. आणि ती फक्त डोंगरातली, फक्त आदिवासींचीही नाही. ऑगस्ट 2017 मध्ये उत्तर भारतात बायकांच्या वेण्या आपोआप कापल्या जातात अशी अफवा उठली होती. त्या हवेत आग्र्याजवळच्या एका गावात एका वृद्ध दलित बाईला वेणी कापणारी समजून जमावाने मारले. ती अफवा चित्रपटातून आली असे म्हणायला आधार नाही. पण बाईच्या वेणीभोवती भीती गुंडाळायचे काम पडद्यावर किती वर्षे चालले होते, ते ‘एक थी डायन’पासून मोजता येते.

राष्ट्रीय गुन्हे नोंदणी विभागाच्या आकड्यांप्रमाणे 2022 या एका वर्षात देशात 85 खून जादूटोण्याच्या संशयातून झाले. ज्यांना मारहाण झाली, वाळीत टाकले गेले, रातोरात गाव सोडावे लागले, त्या या आकड्यात नाहीत.

आता तुमच्या कॅमेऱ्याकडे वळू. नायिकेच्या घरात एक बाई येते. पोराला बरे वाटेनासे होते. घरातली म्हातारी कुजबुजते. नायक म्हणतो, हा वेडेपणा आहे. आणि मग रात्री, घरात कुणी जागे नसताना, कॅमेरा एकटाच त्या बाईच्या मागे जातो आणि तिचे उलटे पाय दाखवतो, पांढरे होणारे डोळे दाखवतो, जमिनीवर सरपटणारी वेणी दाखवतो. म्हातारी खरी ठरते. नाही म्हणणारा नायक खोटा ठरतो आणि पुढचे शंभर भाग पस्तावतो. डोंगरातला भगत निदान दाणे टाकून अंदाज सांगतो. तुमचा कॅमेरा डोळ्यांसमोर आणून दाखवतो. त्याच्यापुढे कुठला कार्यकर्ता, कुठला मास्तर, कुठला डॉक्टर बोलणार?

मालिकेच्या सुरुवातीला पाटी येते, की हा कार्यक्रम अंधश्रद्धेला उत्तेजन देत नाही. ती पाटी काही क्षणांची असते. उलटे पाय अर्धा तास असतात, आठवड्यामागून आठवडे.

महाराष्ट्रात 2013 हे वर्ष कसे गेले, तेही या संदर्भात आठवावे लागते. एप्रिलमध्ये ‘एक थी डायन’ लागला. 20 ऑगस्टला पुण्यात अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या (अंनिस) डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून झाला. अठरा वर्षे अडलेल्या जादूटोणाविरोधी कायद्याचा वटहुकूम त्यानंतर काही दिवसांत निघाला आणि डिसेंबरात विधिमंडळाने कायदा केला. कुणी करणी करते, जादूटोणा करते असे म्हणून त्या माणसाचे जगणे मुश्कील करणे, हा या कायद्याने गुन्हा आहे. शिक्षा सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत, दंड पाच हजारांपासून पन्नास हजारांपर्यंत. बिहारने असा कायदा 1999 मध्ये केला, झारखंडने 2001 मध्ये, राजस्थान आणि आसामने 2015 मध्ये. इतक्या राज्यांना कायदे करावे लागतात तेव्हा त्या शब्दाने किती घरे उठवली असतील, याचा अंदाज मुंबईच्या स्टुडिओतही यायला हवा. अंनिसचे कार्यकर्ते धुळे-नंदुरबारच्या पाड्यापाड्यांवर डाकीण प्रथेविरुद्ध बोलत फिरतात, आणि त्यांच्या सभेला बसलेल्या माणसांच्या घरातही टीव्ही असतो.

यावर तुमच्या बाजूने काय म्हणता येईल, तेही मांडले पाहिजे. पहिले उत्तर नागिणीचे. 1 नोव्हेंबर 2015 ला कलर्सवर तुमची ‘नागिन’ सुरू झाली, मौनी रॉय यांची शिवन्या घराघरांत पोहोचली आणि माणूस नसलेली बाई ही नायिका होऊ शकते हे तुम्हीच सिद्ध केलेत. ते खरे आहे, आणि मोठे आहे. पण नागीण आधीच देवी आहे. नागपंचमीला तिला दूध-लाह्या वाहतात. कुठल्या गावाने आजवर एखाद्या विधवेला इच्छाधारी नागीण ठरवून हाकलल्याचे ऐकिवात नाही. दुसरे उत्तर ‘ब्रह्मराक्षस’चे. 2016 मध्ये झी टीव्हीवर आलेल्या तुमच्या त्या मालिकेत नववधूंच्या जिवावर उठलेला राक्षस पुरुष होता आणि खलनायकही होता. मान्य. पण ब्रह्मराक्षस म्हणून कुणा पुरुषाचे शेत बळकावले गेलेले नाही. डायनीची गोष्ट तेवढी वेगळी आहे, कारण पडद्याबाहेर तिच्या नावाने हाक मारली की ओ द्यायला खरी बाई उभी करता येते.

तिसरे उत्तर प्रेक्षकांचे : लोकांना हेच आवडते. इथे शेवंताकडे बोट दाखवावे लागेल. झी मराठीवर फेब्रुवारी 2016 मध्ये ‘रात्रीस खेळ चाले’ सुरू झाली, सावंतवाडीजवळच्या आकेरीतल्या वाड्यात. पहिल्या पर्वात शेवंता ही नाईकांच्या घरावर पडलेली एक भीतीची सावली होती. 2019 च्या दुसऱ्या पर्वात लेखक मागे गेले आणि अपूर्वा नेमळेकर यांच्या रूपाने ती हाडामांसाची बाई समोर आली. तिचे लग्न, तिची हौस, त्या घरच्या अण्णा नाईकांनी केलेली तिची फरफट. भुतीण होण्याआधी ती कोण होती, हे कळले आणि महाराष्ट्र तिच्यावर लुब्ध झाला. भय कमी झाले नाही, पण भीती अण्णांची वाटू लागली. घाबरवणाऱ्या बाईला भूतकाळ दिला तर प्रेक्षक पळत नाहीत, याला याहून चांगला दाखला नाही.

हिंदीतही दार किलकिले झालेले आहे. 2018 च्या ‘स्त्री’त वेणी आहेच, पण शेवटी चंदेरी गाव त्या भुतिणीकडे माफी मागते आणि तिला गावाची राखणदार करते. ऑक्टोबर 2025 च्या ‘थामा’त तर रक्तावर जगणारी बेताळीण ताडका ही रश्मिका मंदाना यांची नायिका आहे; प्रेम तिच्या वाट्याला आले आहे. त्या चित्रपटाचे दिग्दर्शक आदित्य सरपोतदार मराठी आहेत, कोकणातल्या मुंज्यावर 2024 चा ‘मुंज्या’ काढणारे तेच. टीव्हीवर मात्र गाडी जुन्याच रुळावर आहे. फेब्रुवारी 2023 मध्ये कलर्सवर ‘तेरे इश्क में घायल’ आली, ‘द व्हॅम्पायर डायरीज’चेच रूप घेऊन, रक्तपिपासूंच्या जागी नरलांडगे बसवून. रवींद्र महाजनींचे चिरंजीव गश्मीर महाजनी आणि करण कुंद्रा हे त्यातले दोन भाऊ. दोघांनाही दुःख, दोघांनाही प्रेम, दोघांनाही सहानुभूती. पुन्हा पुरुषच. चार महिन्यांत मालिका आटोपली. गश्मीरसारख्या कसदार नटाला त्या परक्या धुक्यात उभे केलेले पाहताना वाईट वाटत होते. खान्देशातल्या, कोकणातल्या, विदर्भातल्या एखाद्या रात्रीत त्याला उभे केले असते तर त्याने ती रात्र पेलली असती.

इथल्या रात्री रिकाम्या नाहीत. अट्रावल हे यावल तालुक्यातलेच गाव. माघ महिन्यात तिथे मुंजोबाची यात्रा भरते, लांबलांबून माणसे नवस फेडायला येतात. मुंज झाली पण लग्न व्हायच्या आत मेला, त्या पोराचे भूत म्हणजे मुंजा, अशी महाराष्ट्रभरची समजूत. ज्याची इच्छा राहून गेली त्याला इथे हाकलत नाहीत. त्याला जागा देतात, शेंदूर देतात, वर्षातून एकदा त्याच्या दारी जेवतात. सिंधुदुर्गात वेंगुर्ले तालुक्यातल्या आरवलीचा वेतोबा तर भुतांचा राजा. त्याला केळीचे घड वाहतात आणि भल्याथोरल्या चामडी चपला वाहतात, कारण तो रात्री गावावर पहारा देत हिंडतो अशी श्रद्धा आहे. गोव्यातही आमोण्याला, लोलयेला वेताळ ग्रामदेव म्हणून उभा आहे. यातल्या नवसांवर विश्वास ठेवा असे कुणी म्हणत नाही, हे पत्रही म्हणत नाही. पण मेलेल्याचे ऐकून घ्यावे, त्याला वस्तीत सामावून घ्यावे, ही यामागची रीत गोष्ट सांगणाऱ्याच्या फार कामाची आहे.

ऐकून घेण्याची ही रीत आपल्याकडच्या एका जुन्या कथाग्रंथाच्या मुळाशीच आहे. सोमदेवाच्या ‘कथासरित्सागरा’त गुणाढ्याची हकिकत येते. सातवाहन राजाच्या दरबारातला हा पंडित पैज हरतो, संस्कृत-प्राकृत-देशी अशा तिन्ही भाषा सोडतो आणि विंध्याच्या रानात निघून जातो. तिथे काणभूती नावाचा एक पिशाच त्याला गोष्ट सांगतो. पिशाच बोलतो आणि माणूस उतरून घेतो, सात वर्षे, सात लाख श्लोक, पिशाचांच्याच भाषेत. रानात शाई कुठली? म्हणून गुणाढ्य स्वतःच्या रक्ताने लिहितो. राजा ते बाड पाहतो आणि रक्ताने लिहिलेले, पैशाचीतले म्हणून झिडकारतो. मग गुणाढ्य अग्नी पेटवतो आणि एकेक पान पशुपक्ष्यांना वाचून दाखवत जाळत सुटतो. चरायचे सोडून जनावरे रडत उभी राहतात, त्यांच्या अंगावरचे मांस झडते, राजाच्या ताटातली शिकार कोरडी पडते, आणि तेव्हा कुठे राजा धावत येऊन उरलेले एक लाख श्लोक वाचवतो. त्याच ‘कथासरित्सागरा’त पुढे वेताळाच्या पंचवीस गोष्टी आहेत. दूरदर्शनने 1985 मध्ये अरुण गोविल आणि सज्जन यांना घेऊन त्या घराघरांत नेल्या; त्याआधी ‘चांदोबा’च्या पानावर शंकर यांच्या चित्रातला तो खांद्यावर प्रेत घेतलेला राजा मराठी पोरांनी पाहिलेला होताच. तो वेताळ राजाला घाबरवत नाही. तो त्याला न्यायाचे प्रश्न विचारतो.

तुमच्या डायनीला एकही प्रश्न विचारायची मुभा नाही. ती हसते, मंत्र पुटपुटते, ओरडते. तिला कुणी बोलू देत नाही.

म्हणून मागणी आहे ती डायनीवरची मालिका बंद करा अशी नाही. बंदीने काही साधत नाही, आणि भीतीच्या गोष्टी माणसाला लागतातच. मागणी अशी आहे, की अभयसाठी तुमच्या लेखकांनी जेवढे कष्ट घेतले तेवढे एकदा तिच्यासाठी घ्यावेत. सातपुड्याच्या पायथ्याचे एखादे गाव घ्या. दोन एकर कोरडवाहू जमिनीची मालकीण असलेली पस्तिशीची बाई घ्या. पुतण्या घ्या. तापाने फणफणलेले लेकरू घ्या आणि प्राथमिक आरोग्य केंद्रातली थकलेली नर्स घ्या. भगताला सरळसरळ लबाड करू नका, त्याचाही स्वतःवर विश्वास असू द्या, म्हणजे तो जास्त भयंकर होईल. आणि तिच्यावर प्रेम करणारा माणूस घ्या. गाव जे म्हणते ते खरे असेल का, या शंकेने रात्री जागा राहणारा, आणि तरी पियासारखा वळून बघणारा. ती शंका ‘एक थी डायन’च्या पूर्वार्धात तुम्हाला जमली होती. या वेळी तिचा निकाल बाईच्या विरुद्ध लावू नका. भयाला तोटा पडणार नाही. रात्री दारावर येणाऱ्या जमावाइतके भयंकर भूत अजून कुठल्या मालिकेने दाखवलेले नाही.

अशा गोष्टीचे सामानही इथेच मिळेल. डिसेंबर 1936 मध्ये काँग्रेसचे खेड्यात भरलेले पहिले अधिवेशन फैजपूरला झाले. पंडित नेहरू अध्यक्ष होते. नंदलाल बोस यांनी टिळकनगरची सजावट केली, ती शहरातून सामान न आणता, बांबू आणि गावाकडे मिळणाऱ्या साध्या वस्तूंतून. ते सामान या मुलखात अजून मुबलक आहे, गोष्टींचेही.

तुमच्या लेखकांना मदत लागली तर माणसे आहेत. झारखंडच्या छुटनी महतो यांना 1995 मध्ये डायन ठरवून गावाबाहेर काढले गेले. पुढे त्यांनी आपल्यासारख्या कित्येक बायकांना आधार दिला आणि 2021 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. आसामच्या बिरुबाला राभा यांनाही त्याच वर्षी पद्मश्री मिळाली; 2024 मध्ये त्या वारल्या, पण त्यांनी उभे केलेले काम आहे. अंनिसची माणसे धुळ्यात आहेत, नंदुरबारात आहेत. यांतल्या कुणाला तरी पटकथेच्या पहिल्या बैठकीला बोलवा, शेवटच्या नव्हे. आणि भागाच्या सुरुवातीची ती पाटी बदला. कुणाला डाकीण किंवा डायन ठरवून छळणे हा महाराष्ट्रात 2013 पासून गुन्हा आहे, त्याची तक्रार जवळच्या पोलीस ठाण्यात करता येते आणि या कायद्यासाठी दक्षता अधिकारी नेमण्याची तरतूद आहे, एवढे तिच्यावर लिहा. हिंदीत लिहा, मराठीत लिहा, आणि वाचून होईपर्यंत ती पडद्यावर राहू द्या.

कळावे,

एक प्रेक्षक
फैजपूर, ता. यावल, जि. जळगाव